शुभाची गाडी कोणी सोडवली?

१

शुभाला जाऊन आठ महिने झाले होते, आणि कोर्टाचा कागद सांगत होता की डिसेंबरात तिने स्वतः हजर राहून आपली गाडी सोडवून नेली.

यशवंतराव ठोसरांनी चष्मा पुसला आणि फोनवरचा तो फोटो पुन्हा वाचला. शनिवारची सकाळ होती. इमारतीचा जिना झाडायची पाळी या आठवड्यात त्यांच्या घराची होती. केअरवोखेची, म्हणजे झाडलोटीच्या पाळीची, पाटी दाराच्या मुठीला लटकत होती आणि ते झाडू हातात घेऊन पायरीवरच बसले होते. जर्मनीत त्सुफेनहाउझेनला मुलाकडे, मयुरेशकडे, राहायला आल्यापासून हे काम दोघांनी मागून घेतलं होतं. शुभा पुढे झाडत जायची, हे मागून पुसत यायचे. आता दोन्ही हेच करत.

फोटो मेव्हणीने, सरिताने, पाठवला होता. शुभाचं माहेर वर्धा जिल्ह्यातलं हिरडगाव. जर्मनीला येताना तिने आपली छोटी लाल गाडी तिथेच ठेवली होती, म्हाताऱ्या आईला दवाखान्यात न्यायला बरी म्हणून. चालवायला प्रताप नावाचा ओळखीतला माणूस होता. वर्धा जिल्ह्यात दारूबंदी. दसऱ्यानंतर या प्रतापने त्याच गाडीतून नागपूरकडून दारूचे खोके आणले आणि तो नाक्यावर सापडला. माल गेला, प्रताप आत गेला, गाडी जप्त झाली. यातलं काहीच यशवंतरावांना आजपर्यंत कोणी सांगितलं नव्हतं.

आणि मग हा आदेश. 'मूळ मालक सौ. शुभा यशवंत ठोसर समक्ष हजर. ओळख पटली. वाहन सुपुर्दनाम्यावर त्यांच्या ताब्यात देण्यात यावे.' खाली मराठीत सही: शुभा ठोसर.

सरिताने लिहिलं होतं, 'भाऊजी, तुम्हाला कळू द्यायचं नव्हतं, पण आता इलाज नाही. कोर्टाने गाडी परत हजर करायला सांगितली होती. कोणी केली नाही. आज पोलीस ताईच्या नावाचं वॉरंट घेऊन आले. गाडी तर घरी आलेलीच नाही. आई समोर ओसरीवर बसली होती. मी म्हटलं, ताई जर्मनीत असते.'

हे शेवटचं वाक्य गेले आठ महिने सगळं घर म्हणत होतं. शुभा गेली तेव्हा तिची आई, कुसुमआजी, हृदयाचा झटका येऊन नुकत्याच घरी आल्या होत्या. धक्का बसेल असं काही सांगू नका, असं डॉक्टर म्हणाले. चार दिवस थांबू म्हणता म्हणता ते राहूनच गेलं. शुभाच्या घशाचं ऑपरेशन झालंय, तिला बोलता येत नाही, एवढंच आजींना माहीत होतं.

यशवंतरावांना पोलिसांची भीती वाटली नाही. त्यांना घाबरवलं ते दुसऱ्याच विचाराने. कोर्टात कोणी 'मी शुभा' म्हणून उभी राहिली असेल तर ओळखीला शुभाचं आधार कार्ड दाखवावं लागलं असणार. आणि ते कार्ड हिरडगावात नव्हतं. ते इथे, या घरात होतं.

ते खोलीत गेले, दार लावून घेतलं आणि कपाटातून शुभाची तपकिरी पर्स काढली. केसांचे आकडे होते, रुमाल होता, बडीशेपेची डबी होती.

कार्डाचा कप्पा रिकामा होता.

२

शरदचंद्र देऊसकरांनी उभी हयात सरकारी वकिली केली होती. निवृत्त झाल्यावर ते मुलीकडे गेर्लिंगेनला राहत. फिरायला जाता-येता दोघांची ओळख झाली होती. देऊसकर म्हणायचे, इथे उलटतपासणीला फक्त नातू मिळतो, आणि तो उत्तरं जर्मनमध्ये देतो.

सोमवारी यशवंतराव बसने त्यांच्याकडे गेले. घरात मुलं होती, म्हणून दोघं बाहेर बाकावर जाऊन बसले. देऊसकरांनी कागद वाचला आणि कानटोपी खाली ओढली.

जप्त गाड्यांचं काय होतं ते त्यांनी सांगितलं. ठाण्याच्या आवारात त्या उन्हापावसात पडतात, चाकं मातीत रुततात, आतून वेल उगवतात. खटला संपेपर्यंत गाडीचा सांगाडा उरतो. म्हणून मालकाने मागितली तर कोर्ट गाडी त्याच्या ताब्यात देतं. मात्र सुपुर्दनामा लिहून घेतं. गाडी विकायची नाही, रंग बदलायचा नाही, बोलावू तेव्हा आणून उभी करायची.

"म्हणजे हे करणाऱ्याला गाडी हवी होती," यशवंतराव म्हणाले.

"किंवा नाहीशी करायची होती. दारूच्या धंद्यातल्या लोकांना कधीकधी पुरावा नको असतो." देऊसकरांनी त्यांच्याकडे पाहिलं. "तुम्ही इतके का घाबरलात? वॉरंट मेलेल्या माणसावर आहे. मृत्यूचा दाखला दाखवला की ते रद्द होईल."

यशवंतरावांनी फोन परत घेतला. मग त्यांनी रिकाम्या कप्प्याचं सांगितलं. सून स्पृहा डिसेंबरात भावाच्या लग्नाला नागपूरला गेली होती तेही सांगितलं. नागपूरहून हिरडगाव फार लांब नाही.

"मयुरेशला किंवा स्पृहाला यातलं काही माहीत असलं, तर मी त्या घरात कसा राहू? माझ्या बायकोच्या जागी त्यांनी कोणीतरी बाई उभी केली असेल, देऊसकर. तिच्या नावाने हाक मारली असेल, आणि ती ओ म्हणाली असेल."

"मग मी शोधू की नको?"

"शोधा," यशवंतराव म्हणाले. "पण मला आधी सांगा. त्यांच्यासमोर नको."

देऊसकरांनी तिथूनच आपल्या एका जुन्या ज्युनिअरला फोन लावला. गाडी सोडताना तिचे फोटो काढतात, ताब्यात घेणाऱ्याला शेजारी उभं करून. ते कोर्टाच्या कागदांत लागतात. मिळाला तर एखादा पाठव म्हणाले.

परतीच्या बसमध्ये देऊसकरांनी पुढे पाठवलेला तो फोटो यशवंतरावांच्या फोनवर आला. त्यांनी तो उघडला आणि समोरच्या दांड्याला घट्ट धरलं.

लाल गाडीशेजारी शुभा उभी होती.

३

ती शुभा नव्हती, हे कळायला त्यांना दोन स्टॉप लागले. तोंडावर मास्क, डोक्यावरून पदर, दिसत होते ते फक्त डोळे आणि कपाळ. पण उभं राहण्याची ढब तिचीच. पदराचं टोक मुठीत धरून ती मूठ कमरेला टेकलेली. डोकं गाडीच्या टपापर्यंतही पोचत नव्हतं. शुभाचंही पोचत नसे, आणि तिला त्यावरून सगळे चिडवत. एकच गोष्ट वेगळी होती. कपाळावर मोठं गोल कुंकू होतं, जरा वाकडं. शुभाने जन्मभर टिकली लावली.

घरी आल्यावर त्यांनी फोटो कोणाला दाखवला नाही. जेवताना मयुरेशने बाबा, बरं वाटत नाही का म्हणून विचारलं, तेव्हा थंडी वाजते म्हणाले. मुलाच्या हाताकडे ते पाहत राहिले. त्याची बोटं शुभासारखी होती.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी देऊसकर चहाला आले. चहा निमित्त आहे हे मयुरेशने लगेच ओळखलं. देऊसकरांनी फार वळणं घेतली नाहीत. गाडी जप्त झाल्याचं तुला कधी कळलं, एवढंच विचारलं.

मयुरेशने वडलांकडे पाहिलं आणि मान खाली घातली. ऑक्टोबरातच, तो म्हणाला. सरितामावशीचा फोन आला होता. बाबा तेव्हा जेवत नव्हते, झोपत नव्हते, त्यात हे कुठे सांगू, असं त्याला वाटलं. त्याने प्रतापला फोन करून झापलं होतं. आणखी एक गोष्ट होती. त्याचा आणि स्पृहाचा नागरिकत्वाचा अर्ज इथल्या ऑफिसात पडून होता. दारूच्या केसमध्ये आपल्या घराचं नाव आहे हे कुठे निघायला नको, म्हणून त्याने सगळ्यांना गप्प राहायला सांगितलं.

"म्हणजे गाडी गायब झाली तर तुझ्या सोयीचंच होतं," देऊसकर म्हणाले.

"गेनाऊ, अगदी बरोबर," मयुरेश कडवटपणे म्हणाला. "आईची गाडी भंगारात जावी आणि मला जर्मन पासपोर्ट मिळावा, अशीच माझी इच्छा होती. काका, असलं काही मी करेन असं तुम्हाला वाटतं?"

"मला काही वाटत नाही. तुझ्या बाबांना वाटतं."

यशवंतरावांना वाटलं, आता हा उठून जाईल, आणि आपण या घरात पाहुणेसुद्धा राहणार नाही. मयुरेश उठला नाही. तो फक्त म्हणाला, "बाबा?"

त्यांनी उत्तर द्यायचं टाळण्यासाठी फोन हातात घेतला. बोट सवयीने शुभाच्या नावावर गेलं. रोज ते तिचे जुने मेसेज वाचत. फक्त वाचत, लिहीत कधी नसत. आज नावाखाली त्यांना एक शब्द दिसला.

शुभा ऑनलाइन होती.

४

त्यांनी फोन देऊसकरांपुढे धरला. देऊसकरांनी ओठांवर बोट ठेवलं आणि आतल्या खोलीच्या दाराकडे खूण केली. स्पृहा मघाशी कपडे घड्या करते म्हणून आत गेली होती.

यशवंतरावांनी दार ढकललं. स्पृहा पलंगाच्या कडेला बसली होती. तिच्या हातात शुभाचा फोन होता, निळ्या कव्हरचा, कोपऱ्यात तडा गेलेला. सासऱ्यांना पाहून तिने तो लपवायचा प्रयत्न केला नाही. तिच्या डोळ्यांना धार लागली.

"अहो बाबा, मी रोज एकच मेसेज करते," ती म्हणाली. "आजींना. मी बरी आहे, काळजी घे. एवढंच. आल्झो, म्हणजे कोणीतरी करायलाच हवा होता ना. सरितामावशी त्यांना वाचून दाखवतात."

यशवंतराव भिंतीला टेकले. आजींना काही सांगितलं नाही हे त्यांना माहीत होतं. मेलेल्या बायकोच्या फोनवरून रोज कोणीतरी लिहितं, हे त्यांना माहीत नव्हतं.

देऊसकरांनी स्पृहाला पाणी दिलं आणि आधार कार्डाचं विचारलं. ते तिनेच घेतलं होतं. हिरडगावच्या बँकेत शुभाचं खातं होतं, ते बंद करायला कार्ड लागेल असं सरितामावशी म्हणाल्या होत्या, म्हणून लग्नाला गेली तेव्हा नेऊन दिलं. मावशींनी ते तिच्यादेखत घरातल्या लोखंडी कपाटात ठेवलं. बाबांना विचारायचं धाडस झालं नाही. पर्सला हात लावलेला त्यांना चालत नसे. दुसऱ्या दिवशी ती नागपूरला लग्नघरी परतली.

देऊसकरांनी तिला उभं राहायला सांगितलं, मग बसायला सांगितलं. बाहेर आल्यावर त्यांनी यशवंतरावांना बाजूला घेतलं.

"तुमची सून त्या गाडीशेजारी उभी राहिली तर टपावर कोपर टेकेल. फोटोतली बाई ती नाही."

यशवंतरावांना हायसं वाटलं, आणि लगेच लाजही वाटली.

"मग सरिता? कपाट तिच्याच घरात आहे. चेहराही बहिणीचा."

"उंचीला कशी आहे?"

"वडलांवर गेलीय. उंच." यशवंतराव थांबले. "मग राहिलं कोण?"

"ते सरिताबाईच सांगतील," देऊसकर म्हणाले. "त्यांना स्वतःला माहीत नसलं तरी."

५

हिरडगावात सकाळ असताना फोन लावायचं ठरलं. इथे अजून उजाडायचं होतं, म्हणून देऊसकर रात्री इथेच थांबले होते. स्पृहाने फोन पुस्तकांना टेकवून टेबलावर उभा केला आणि चौघं समोर बसले. पडद्यावर सरिता दिसली. शाळेची मुख्याध्यापिका, केस ओढून बांधलेले, डोळ्यांखाली काळं. आई ओसरीवर आहे, ऐकू जाणार नाही, असं ती हळू आवाजात म्हणाली.

गाडी सुटली त्या दिवशी ती कुठे होती, हे देऊसकरांनी विचारलं. शाळेत, परीक्षा चालू होती. आधार कार्ड कपाटात आहे का? तिने पाहून येऊन सांगितलं, आहे, होतं तिथेच. प्रताप कुठे आहे? जामिनावर सुटला, पुण्याला गेला म्हणतात, फोन उचलत नाही. तिने आयुष्यात एकही खोटी सही केली नाही हे तिने न विचारता सांगितलं, आणि मग म्हणाली की आठ महिने मात्र ती रोज खोटं बोलतेय.

मग देऊसकरांनी भलताच प्रश्न विचारला. दिवाळी कशी झाली?

मयुरेशने कपाळाला हात लावला. सरिताही गोंधळली. "झाली म्हणजे काय. ताई गेल्याचं वर्ष, मला कुठे मन होतं. पण आईला संशय यायला नको म्हणून सगळं करायला घेतलं. तर तिनेच नको म्हटलं. पोट बरं नाही म्हणाली, फराळ नको. आकाशकंदील नको, डोळ्यावर येतो. दसऱ्याला दर वर्षी ताईच्या गाडीला झेंडूचा हार ती स्वतः घालते. या वर्षी म्हणाली, गुडघे दुखतात, अंगणात उतरवत नाही."

"संक्रांतीला?"

"तेव्हाही गुडघेच. तिळगूळ हातात घेतला नाही. थकलीय हो ती. ताईची वाट बघून थकलीय."

"घरातल्या घरात बसून असतात का?"

"नाही, तसं नाही. गुरुवारी जाते. आमचा जुना तेलघाणा आहे ना मारुतीच्या देवळामागे, बंद पडलेला. तिथे मांजरी आहेत, त्यांना दूधभात घालते. चांगली तासभर बसते. मी म्हणते रिक्षा करून देते, तर नको म्हणते, चालत जाते."

"संक्रांतीपासून?"

सरिताने आठवून पाहिलं. "त्याच्या आधीपासून. डिसेंबरातच सुरू केलं."

देऊसकरांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. यशवंतरावांनी त्यांचा चेहरा पाहिला. माणूस काही वाईट सांगणार असला की असा चेहरा करतो. जून महिन्यात दवाखान्यात एका डॉक्टरने असाच केला होता.

"यशवंतराव, तुम्ही म्हणाला होतात, आधी तुम्हाला एकट्याला सांगायचं."

यशवंतरावांनी मुलाकडे पाहिलं, सुनेकडे पाहिलं. "नको," ते म्हणाले. "आता सगळ्यांसमोर सांगा."

"गाडी तेलघाण्यात आहे."

६

देऊसकर कोर्टात बोलत असतील तसे बोलले, आवाज न चढवता.

"फोटोतली बाई ठेंगणी आहे. स्पृहा नाही, सरिताबाई नाहीत. भाड्याने आणलेली बाई म्हणावी, तर यशवंतरावांना बसमध्ये क्षणभर आपली बायको दिसली. नवऱ्याला फसवेल अशी उभं राहायची ढब भाड्याने मिळत नाही. ती रक्तातून येते. शुभाताईंनी ती कोणाकडून तरी घेतली होती.

"दुसरं कुंकू. शुभाताई टिकली लावायच्या. या बाईने सौभाग्यवती दिसायला कुंकू लावलं, तेही वाकडं. तिला टिकलीची सवय नाही, आणि कुंकवाचा हात मोडलाय. म्हणजे जुन्या काळची बाई, आणि विधवा."

"आई?" सरिता म्हणाली. "तिचं वय बघा तरी."

"लेक झाली तेव्हा सतरा-अठराच्या असतील. आधार कार्डावरच्या फोटोत कोणीही आपल्या आईसारखंच दिसतं. वर मास्क. कोण निरखून बघतंय? कपाट त्यांच्याच घरात. गाडीचे कागद तर आधीपासून तिथेच. न्यायला-आणायला प्रताप, ज्याला तोंड दाखवायला जागा नव्हती आणि त्या म्हणतील ते करणं भाग होतं."

"पण त्यांना माहीतच नाही की शुभा..." यशवंतरावांना पुढे बोलवेना.

"माहीत नसतं तर त्यांनी म्हटलं असतं, शुभाला कळवा, तिला येऊ दे. त्यांनी एकदा तरी म्हटलं का?" देऊसकर थांबले. "त्यांचे गुडघे दसऱ्याला दुखतात, संक्रांतीला दुखतात. पोट दिवाळीला बिघडतं. आणि गुरुवारी त्याच गुडघ्यांनी त्या तेलघाण्यापर्यंत चालत जातात. ते म्हातारपण नाही, सरिताबाई. घरात कोणी गेलं की वर्षभर सण करत नाहीत. लग्न झालेल्या लेकीचं एवढं पाळायचं नसतं म्हणतात, पण आईला ते कोण सांगणार? तुम्ही सगळे त्यांच्यापासून लपवत होतात, आणि त्या तुमच्या डोळ्यांदेखत लेकीचा दुखवटा पाळत होत्या."

मग पडद्यावर सरिताच्या खांद्यामागे एक सुरकुतलेला हात आला आणि त्याने फोन ओढून घेतला. पडदा हलला, छत दिसलं, मग कुसुमआजींचा चेहरा. कपाळ मोकळं होतं.

"वकीलसाहेब का?" त्या म्हणाल्या. "तुमचं बरोबर आहे. मला ऐकू येतं. ऐकू येत नाही असं हिला वाटतं."

सरिता मागे रडायला लागली होती. आजींनी तिच्याकडे वळून पाहिलं नाही.

"आजी, तुम्हाला कधी कळलं?" स्पृहाने विचारलं.

"तुझ्या पहिल्याच मेसेजला. काळजी घे म्हणे. माझी शुभा मला कधी काळजी घे म्हणाली नाही, बाई. ती रागवायची. गोळी घेतली का, परत लोणचं खाल्लंस का, असं. ऑपरेशनने आवाज जातो, स्वभाव नाही जात." त्या दम घ्यायला थांबल्या. "म्हटलं, तुम्ही माझ्यासाठी एवढं करताय, तर करू दे."

"पण कोर्टात कशाला गेलात, आई?" यशवंतरावांनी विचारलं.

"जावईबापू, तुम्हाला सगळे भेटायला आले असतील. माझ्याकडे कोण येणार? माझ्या घरात कोणी गेलंच नव्हतं. शेजारणी विचारायच्या, शुभा कधी येते. मी म्हणायची, येईल." आजींनी पदराचं टोक मुठीत धरलं. "दवाखान्यात जाताना ठाण्यावरून रिक्षा गेली. गाडी उभी होती, चाकात गवत. सीटखाली तिच्या गाडी चालवायच्या चपला आहेत. काचेपाशी तिची शाल आहे. मी प्रतापला म्हटलं, तू माझ्या लेकीची गाडी घाण केलीस, आता सोडवून दे. तो म्हणाला, मालक लागतो. तर मी झाले मालक. वीस वर्षांनी कपाळाला कुंकू लावलं. साहेबांनी विचारलं, गाडी तुमची का? हो म्हटलं. माझ्या लेकीची ती माझीच. नाव तेवढं खोटं सांगितलं."

"आणि परत बोलावलं तेव्हा नेली नाहीत."

"एकदा आणली ती परत द्यायची? मी गुरुवारी जाऊन तिच्यात बसते. मांजरी खोट्या."

देऊसकरांनी घसा साफ केला. खोटं नाव सांगणं हा गुन्हा आहे, मी गोड बोलणार नाही, असं त्यांनी सांगितलं. आजी म्हणाल्या, मग घाला आत. तिथे तरी विचारतील, बाई, तुमचं कोण गेलं?

"कोणी आत जाणार नाही," मयुरेश म्हणाला. त्याला ते ठाऊक नव्हतं, पण त्याने म्हटलं. देऊसकर म्हणाले, खात्री देत नाही. पण वय आहे, दुःख आहे, गाडी जशीच्या तशी आहे. आपण होऊन खरं सांगितलं तर न्यायाधीशही माणूसच असतो. मृत्यूचा दाखला घेऊन वारसाने उभं राहायचं, गाडी हजर करायची, आणि रीतसर परत मागायची.

"मी येतो, आई," यशवंतराव म्हणाले. "याच आठवड्यात निघतो. गाडी मी मागेन. तुम्ही माझ्याजवळ उभ्या राहा, तुमच्या नावाने."

"मी पण येतो, बाबा," मयुरेश म्हणाला.

"तुझा अर्ज?"

"राहू दे पडून."

यशवंतरावांनी मुलाचा हात धरला. परवा ज्या बोटांकडे ते घाबरून पाहत होते, तीच बोटं. माफी मागायला हवी होती. पण आजी पडद्याच्या अगदी जवळ आल्या होत्या, आणि त्यांचा आवाज आता मघासारखा राहिला नव्हता.

"जावईबापू, एक विचारायचं होतं. आठ महिने कोणाला विचारता येईना. शेवटी तिला फार त्रास झाला का?"

स्पृहाने शुभाचा फोन उचलला, बंद केला आणि टेबलावर पालथा ठेवला. बाहेर आत्ता कुठे उजाडत होतं. यशवंतरावांनाही हे कोणी विचारलं नव्हतं. सगळे त्यांना जेवलात का, झोपलात का, एवढंच विचारत.

त्यांनी खुर्ची पुढे ओढली.

"शेवटच्या दिवशी सकाळी ती माझ्यावर रागावली होती," ते म्हणाले. "मी जिना नीट पुसला नाही म्हणून."

आजी हसल्या, आणि हसता हसता रडायला लागल्या. यशवंतराव थांबले नाहीत. त्या दिवशी काय काय झालं ते त्यांनी पहिल्यापासून सांगायला घेतलं.